तरोट्याची भाजी व ज्वारीची पोती

“सातपुड्याच्या पायथ्याशी तरोटा फुकट मिळतो, मग ज्वारी कशास?” असे कित्येक सद्गृहस्थ पुसतात. त्याचा खुलासा करणे अवश्य आहे. तरोटा ही एका पावसाळ्याची वनस्पती; पिवळी फुले येऊन शेंगा वाळल्या की मरते. हिरवेपणी गुरे तिला सहसा तोंड लावीत नाहीत, म्हणूनच ती गरिबांस उरते. परंतु भाजी होते ती केवळ कोवळ्या, बहुधा आषाढातल्या पानांची. आणि पान सारक असल्यामुळे उपाशी पोटी, भाकरीवाचून, ती सोसत नाही. शिवाय ज्या पावसावर ज्वारी त्याच पावसावर तरोटा! सन १८९९ प्रमाणे पावसाने दगा दिला म्हणजे दोहोंसही मुकावे लागते. सबब वरूडच्या व्यापारी व जमीनदार मंडळींनी ज्वारीची पोती ज्येष्ठअखेर कमिटीकडे पोहोचती करावीत, अशी सविनय विनंती आहे.