साहेबमामांचं देहू

'संत तुकाराम' पाहताना तुकोबांचं घर कुणीतरी सुतार-गवंडी लावून उभं केलेलं आहे, हे चटकन लक्षात येत नाही. तुकोबांची बायको आवली म्हशीवर ओरडते, पोरं मध्येमध्ये येतात, आणि सतराव्या शतकातलं देहू आपण निमूट मान्य करतो. हे देहू १९३६ साली पुण्यात, आजच्या लॉ कॉलेज रस्त्यावर, 'प्रभात' फिल्म कंपनीच्या आवारात घडलं. ते घडवणारे शेख फत्तेलाल, म्हणजे साहेबमामा, चित्रपटाचे कलादिग्दर्शक होते, विष्णुपंत दामल्यांच्या जोडीनं दिग्दर्शक होते आणि कंपनीचे एक मालकही होते.

मालकीचा हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो. एरवी नेपथ्यकार निर्मात्याकडे पैसे मागतो आणि निर्माता हात आखडतो. इथे दोन्ही बाजूंना एकच माणूस.

साहेबमामा मूळचे कागलचे, जन्म १८८६चा. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ते आणि दामले तयार झाले. रंगवलेल्या पडद्यासमोर नट उभे करण्याचा तो काळ. पेंटरांनी त्याऐवजी खोली असलेले, सगळ्या बाजूंनी उभारलेले सेट आणले. १९२० च्या 'सैरंध्री'ची त्या काळी केवढी चर्चा झाली! त्या कारखान्यात चित्रकारानं सुतारकाम जाणावं आणि सुतारानं कॅमेरा, अशी रीत होती. १९२८ साली 'महारथी कर्ण' दामले-फत्तेलाल या जोडीनंच दिग्दर्शित केला.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात 'प्रभात फिल्म कंपनी' निघाली. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि भांडवल घालणारे सराफ सीतारामपंत कुलकर्णी असे पाच भागीदार. कुलकर्णी सोडले तर बाकीचे चौघं मालक असूनही स्वतः कामाला जुंपलेले. १९३३ साली कंपनी पुण्यात आली.

पुण्यातला पहिला चित्रपट 'अमृतमंथन' (१९३४). चंडिकेचं मंदिर, अवाढव्य मूर्ती, अंधारात बुडालेले खांब, आणि त्यात राजगुरू झालेल्या चंद्रमोहनचा तो डोळा! इथे वास्तूच माणसाला धाक घालते. बळी देणाऱ्या धर्मसत्तेची गोष्ट सांगायला ती भव्यता लागतेच.

दोनच वर्षांनी त्याच हातांनी देहू उभं केलं आणि सगळा डामडौल आवरता घेतला. चमत्कार तिथेही आहेत. पांडुरंगाच्या मूर्तीतून शिवाजी निघतात, शेवटी गरुडाच्या आकाराचं विमान उतरतं. पण चमत्काराच्या आधी घरातली ओढाताण इतकी खरी वाटलेली असते की विमानही पचतं. विठोबाला जाब विचारायला वहाण हातात घेऊन निघालेली आवली चकचकीत देवळात हास्यास्पद दिसली असती. विष्णुपंत पागनीसांच्या तुकोबाचं कौतुक आपण नेहमी करतो, गौरीच्या आवलीचंही करतो; त्यांना पाय टेकायला जमीन कुणी दिली हे मात्र विसरतो. मुंबईत हा चित्रपट वर्षाहून अधिक चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

शांतारामांच्या 'कुंकू'मध्ये (१९३७) साहेबमामांची कसोटी आणखी वेगळी होती. पार्श्वसंगीत नाही, राजवाडा नाही. म्हाताऱ्या वकिलाचं घर आणि त्यातलं घड्याळ, एवढ्यावर त्याच्या तरुण बायकोची, नीरेची, कोंडी दाखवायची. मला विचाराल तर 'अमृतमंथन'च्या देवीपेक्षा हे घर अवघड. 'संत ज्ञानेश्वर'मध्ये (१९४०) मात्र चांगदेवाला भेटायला भिंत चालली पाहिजे, तिथे काटकसर कामाची नव्हती आणि त्यांनी ती केलीही नाही.

पुढे भागीदारी उसवत गेली. १९४२ साली शांतारामांनी कंपनी सोडली, १९४५ साली दामले गेले. ज्या जोडीत एकानं ध्वनी आणि यंत्रं सांभाळायची, दुसऱ्यानं दृश्य, ती अर्धी राहिली. १९५३ साली 'प्रभात' बंद पडली. १९५५ चा 'जगद्गुरू शंकराचार्य' साहेबमामांनी एकट्यानं दिग्दर्शित केला. त्याला 'तुकाराम'सारखं यश मिळालं नाही. १९६४ साली ते वारले, तोवर त्यांच्या आवारात सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू होऊन चार वर्षं झाली होती. 'प्रभात'चा जुना फ्लोअर आजही तिथला एक नंबरचा स्टुडिओ आहे आणि विद्यार्थी अजून त्यावर सेट लावतात.