निविदेच्या वादात वेळ कुणाचा जातो?

१९७७ च्या जानेवारीत मुंबईच्या आंतरराष्ट्रीय विमानतळावर द्वितीय श्रेणीचे एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार चालवण्यासाठी निविदा निघाली. किमान पाच वर्षांचा अनुभव असलेला नोंदणीकृत हॉटेलचालकच हवा, अशी अट होती. काम मिळाले ते ही अट पुरी न करणाऱ्याला. रमणा दयाराम शेट्टी यांनी त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढा दिला. सरकारी संस्थेने स्वतः घातलेली अट तिच्यावरही बंधनकारक असते, असे न्या. पी. एन. भगवती यांनी १९७९ मध्ये ठणकावले. निविदेतल्या मनमानीविरुद्ध वकील आजही याच निकालाकडे बोट दाखवतात.

शेट्टींच्या पदरात मात्र काहीच पडले नाही. ते पाच महिन्यांहून अधिक उशिरा कोर्टात आले होते आणि तोवर कंत्राटदाराचे सव्वा लाख रुपये खर्च झाले होते. शेट्टींचा स्वतःचा खरा हितसंबंध नाही, असेही न्यायालयाचे मत पडले. कंत्राट कायम राहिले.

उशीर उलट बाजूनेही छळतो. नागपूरजवळच्या खापरखेडा वीजकेंद्राच्या विस्तारात मोठ्या व्यासाचे पाइप आणि पोलादी टाक्यांचे काम होते. नाकारल्या गेलेल्या कंपनीच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने स्थगिती दिली. सर्वोच्च न्यायालयात न्या. सुजाता मनोहर यांनी ती उठवताना रोखठोक हिशेब मांडला: प्रकल्प रखडला की खर्च फुगतो, वीज लांबते आणि भुर्दंड जनतेला पडतो. म्हणून स्थगिती मागणाऱ्याकडून, हरल्यास नुकसान भरून देण्याची हमी घेता येईल, असे त्यांनी सुचवले.

तेव्हापासून पारडे कामाच्या बाजूला झुकत गेले. पायाभूत प्रकल्प खोळंबेल असा मनाई हुकूम देऊ नये, अशी तरतूद २०१८ मध्ये विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात आली. २०२२ मध्ये झारखंडमधल्या एका रस्त्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की अन्याय झालाच असेल तर काम थांबवण्याऐवजी भरपाईचा विचार व्हावा.

इथेच खरी अडचण आहे. भरपाई कुणाच्या खिशातून जाणार? ज्या अधिकाऱ्याने चूक केली त्याच्या नव्हे, सरकारी तिजोरीतून. म्हणजे महाग रस्त्याचे पैसेही लोकांनीच भरायचे आणि डावललेल्या कंपनीची भरपाईही त्यांनीच.

मे २०२५ मधले ठाण्याचे प्रकरण या दृष्टीने मुळातून पाहावे असे आहे. ठाणे-घोडबंदर ते भाईंदर बोगदा आणि उन्नत मार्ग अशी सुमारे १४,००० कोटींची दोन कामे मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने (एमएमआरडीए) काढली होती. लार्सन अँड टुब्रो तांत्रिक छाननीत बाद झाली, पण तसे तिला कळवलेच गेले नाही. काम दिले जाईपर्यंत अपात्रतेची कारणे सांगायची नाहीत, अशी अटच निविदेत होती. उच्च न्यायालयाने २० मे रोजी याचिका फेटाळली. सर्वोच्च न्यायालयात आकडे उघडे झाले, तेव्हा आपली बोली दोन्ही कामांत मिळून सुमारे ३,१०० कोटींनी कमी असल्याचे कंपनीने सांगितले. सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठाने विचारले, फेरनिविदा काढता की आम्ही स्थगिती देऊ? महिना संपायच्या आत एमएमआरडीएने दोन्ही निविदा रद्द केल्या.

घोडबंदर रस्त्यावर रोज तासन्‌तास अडकणाऱ्यांच्या वाट्याला आणखी प्रतीक्षा आली, आणि तिचा दोष कोर्टाचा नाही. कोर्टाने काही दिवसांतच प्रश्न धसास लावला. उशिराचे बी कारण लपवणाऱ्या त्या अटीत होते.

युरोपीय संघात निविदेचा निर्णय कळवल्यानंतर करारावर सही करण्यापूर्वी किमान दहा दिवस थांबावे लागते. निर्णयासोबत कारणेही द्यावी लागतात. हरलेल्याला कोर्टात जायचे असेल तर तो त्याच दिवसांत दाद मागतो, तेव्हा जागेवर एक खड्डाही खणलेला नसतो. आपल्याकडच्या प्रत्येक मोठ्या निविदेत असे दहा दिवस राखून ठेवायला आणि अपात्रतेचे कारण त्याच दिवशी लेखी द्यायला संसदेच्या नव्या कायद्याची वाट पाहावी लागत नाही. निविदेच्या अटी तर प्राधिकरणेच लिहितात.