खोली एक, माणसं अनेक

एक सिगारेट आणि तीन मित्र. ती या बोटांतून त्या बोटांत जाते, झुरका ओढून पुढे सरकते. 1981 साली आलेल्या ‘चश्मे बद्दूर’ची ही सुरुवात. तिघांची ऐपत काय आणि दोस्ती किती, हे एकही संवाद न बोलता कळतं. सई परांजपे यांचे सिनेमे आता पुन्हा सलग पाहिले तेव्हा जाणवलं, की त्यांच्या चांगल्या सिनेमांत माणसांना एकमेकांच्या अंगावर पडल्याशिवाय राहताच येत नाही.

हे आलं कुठून? घर मोठं होतं. आजोबा रँग्लर परांजपे, आई शकुंतलाबाई, वडील रशियन चित्रकार. आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक नावावर. मग पुणे आकाशवाणी, राष्ट्रीय नाट्य विद्यालय, दिल्ली दूरदर्शन. मला वाटतं, खरी शाळा ही शेवटची. स्टुडिओ लहान, पैसा बेताचा, तेव्हा लांबवरची दृश्यं विसरा आणि माणसाचं तोंड बघा. 1972च्या ‘द लिटल टी शॉप’ या टेलिफिल्मचं विश्वही एका चहाच्या टपरीएवढंच.

‘स्पर्श’ दिल्लीतल्या अंधशाळेत घडतो. नसीरुद्दीन शाहचा मुख्याध्यापक शाळेत बिनधास्त वावरतो, पण कुणी मदतीला हात पुढे केला की बिथरतो. सईंनी त्याला बिचारा केलं नाही. चांगला हट्टी, कधीकधी चक्क तुसडा केला. शाळेतली मुलं खरोखर तिथलेच विद्यार्थी होते. पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

‘कथा’ मात्र अस्सल आपली, शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावरची. चाळीतल्या राजारामच्या खोलीत बाशू पाहुणा म्हणून येतो आणि बघता बघता त्याची खोली, कपडे, शेवटी त्याच्या मनातली मुलगीही वापरायला घेतो. चाळीला तो आवडतो, हीच गंमत. राजाराम गुणी, पण गुणी माणसाकडे चाळ ढुंकूनही बघत नाही. फारुख शेखला गोडबोल्या लफंगा करणं हा धाडसी जुगार होता. आदल्याच ‘चश्मे बद्दूर’मध्ये दारावर ‘चमको’ पावडर विकायला आलेल्या दीप्ती नवलपुढे हाच माणूस अवघडून बसला होता!

मग ‘अडोस पडोस’, ‘छोटे बडे’ या मालिका. नावांवरूनच कळावं, दूरदर्शनवर परत आल्या तरी बाई शेजार सोडायला तयार नव्हत्या.

1990चा ‘दिशा’ माझ्या मते सगळ्यांत दुर्लक्षित. गावाकडे ओम पुरी वर्षानुवर्षं विहीर खणतोय, गाव त्याला वेड्यात काढतंय. इकडे मुंबईत नाना पाटेकर गिरणीत लागलाय. राहायला जी खोली मिळते, तिथे कामगार पाळीपाळीने झोपतात. एक कामावरून आला की दुसऱ्याची पथारी गुंडाळायची. इथे मात्र ‘चश्मे बद्दूर’च्या खोलीतला खेळकरपणा उरत नाही. 1982चा गिरणी कामगारांचा संप होऊन गेला होता, अनेक गिरण्यांचे भोंगे बंद पडले होते. सिनेमा आला तेव्हा त्यातली मुंबई मागे पडू लागली होती.

‘पपीहा’ माझ्या डोक्यात फारसा राहिला नाही. ‘साज’बद्दल लोक बोलले ते नायिका कुणावर बेतल्या याबद्दलच, सिनेमा बाजूलाच पडला. एव्हाना खोल्या मोठ्या झाल्या होत्या आणि माणसं एकमेकांपासून लांब बसू लागली होती.

5 एप्रिल 2013 ला ‘चश्मे बद्दूर’ची डेव्हिड धवननी केलेली नवी आवृत्ती आली. त्याच शुक्रवारी जुनी प्रतही धुऊनपुसून पुन्हा थिएटरात लागली. नव्यातले तिघं गोव्याच्या मोकळ्या किनाऱ्यावर. जुने तिघं दिल्लीतल्या त्यांच्या भाड्याच्या खोलीत, तीच एक सिगारेट फिरवत.