शरद पवारांचे बोलणे ऐकताना

मार्च २०२४ मध्ये भोरला शरद पवारांची सभा झाली. भोर विधानसभा मतदारसंघात भोर, वेल्हे आणि मुळशी येतात, तो बारामती लोकसभेचा भाग आहे, त्यामुळे हा आवाज इथे घरोघरी ओळखीचा. त्यांचे काही शब्द मात्र चटकन कळत नाहीत. मग पारावर, एसटीत कोणीतरी तोंड वाकडे करून नक्कल करतो. हे बोलणे असे का झाले आणि त्याची टिंगल झाली तर काय करता येते, ते आपण क्रमाने पाहू.

२००४ च्या लोकसभा निवडणुकीच्या धामधुमीत पवारांना तोंडाचा कर्करोग असल्याचे निदान झाले. शस्त्रक्रिया झाली, आणि त्याच वर्षी ते केंद्रात कृषिमंत्री झाले. तंबाखू-सुपारीची सवय आपल्याला भोवली, हे त्यांनी जाहीरपणे सांगितले आहे.

हा रोग बहुतेक वेळा गालाच्या आतल्या बाजूला, हिरडीवर किंवा जिभेच्या कडेला सुरू होतो. पांढरा किंवा लाल चट्टा पडतो, किंवा न भरणारी जखम होते. सतत सुपारी चघळणाऱ्यांच्या गालाचे आतले अस्तर ताठर होते आणि तोंड पुरेसे उघडत नाही. इथेच बरेच जण चुकतात. दुखत नाही म्हणून थांबतात. सुरुवातीला हा रोग अनेकदा दुखतच नाही. जखम तीन आठवड्यांत भरली नाही, तर डॉक्टरांना दाखवायलाच हवी.

पुढची पायरी शस्त्रक्रियेची. गाठीबरोबर आजूबाजूचा निरोगी भागही थोडा काढावा लागतो. कधी जबड्याच्या हाडाचा तुकडा काढतात, कधी छातीचे मांस किंवा पायाचे हाड लावून ती जागा भरतात. खालच्या ओठाला हलवणारी बारीक नस दुखावली, तर ओठाचा कोपरा एका बाजूला झुकतो.

त्यानंतर अनेकांना किरणोपचार घ्यावे लागतात, म्हणजे उरलेल्या रोगपेशी किरणांनी मारणे. त्यात लाळेच्या ग्रंथींचे नुकसान होते, तोंड कोरडे पडते, जबडा आखडतो. असा माणूस बोलता बोलता पाण्याचा घोट घेतो, तो याच कारणाने.

आता उच्चारांकडे येऊ. प, ब, म म्हणताना ओठ घट्ट मिटावे लागतात. ट, ड, ळ म्हणताना जिभेचे टोक वळून वर जावे लागते. ओठ नीट मिटत नसतील किंवा जीभ आखडली असेल, तर नेमकी हीच अक्षरे पुसट होतात. वाक्य मेंदूत पूर्ण तयार असते, अडचण फक्त ते बाहेर पडण्याच्या वाटेवर आहे. ऐकणाऱ्याची सर्वांत मोठी गफलत इथे होते: उच्चार अडखळला की विचारही अडखळला असे तो धरून चालतो. पवारांच्या राजकारणावर आपण हवी तेवढी टीका करावी, पण ती मुद्द्यावर.

नेत्याची व्याधी पूर्वी लोकांपासून झाकली जाई. पुढे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झालेले फ्रँकलिन रूझवेल्ट यांना १९२१ मध्ये पोलिओ झाला, असे तेव्हा निदान झाले, आणि त्यांचे पाय लुळे पडले. चाकांच्या खुर्चीतले त्यांचे फोटो वर्तमानपत्रांत क्वचितच आले. पवारांच्या बाबतीत असा पडदा कधी नव्हता. आज प्रत्येक सभेत कॅमेरा थेट चेहऱ्यावर असतो, आणि पंधरा सेकंदांची चित्रफीत मागचा-पुढचा संदर्भ तोडून मोबाइलवर फिरते. हा उघडेपणा मला मोलाचा वाटतो, कारण तोंडाचे ऑपरेशन झालेल्या खेड्यातल्या माणसाला त्यातून कळते की अशा आवाजातही चार लोकांसमोर उभे राहता येते.

म्हणूनच नोव्हेंबर २०२४ मध्ये जतच्या प्रचारसभेत महायुतीचे नेते सदाभाऊ खोत यांनी शरद पवारांच्या चेहऱ्यावरून जे म्हटले, ते इतके बोचले. त्यांच्याच महायुतीतल्या अजित पवारांनी त्याचा निषेध केला, आणि खोत यांना दिलगिरी व्यक्त करावी लागली. ते शब्द एका नेत्यासाठी होते, पण असाच चेहरा घेऊन जगणाऱ्या प्रत्येक रुग्णाला ते लागले.

आता कायदा. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ मध्ये दिव्यांगत्वाचे २१ प्रकार आहेत, आणि त्यांत वाचा-भाषा दोषही येतो. बोलण्यावर कायमचा परिणाम झाला असेल, तर कर्करोगाच्या रुग्णालाही तपासणीनंतर प्रमाणपत्र मिळू शकते. कलम ९२ नुसार दिव्यांग व्यक्तीचा चारचौघांत हेतुपुरस्सर अपमान केल्यास सहा महिने ते पाच वर्षे कैद आणि दंड होऊ शकतो. डिसेंबर २०२३ मध्ये निवडणूक आयोगानेही पक्षांना बजावले की प्रचारात दिव्यांगत्वावरून हीन शब्द वापरू नयेत.

लोकसभा-विधानसभेच्या आचारसंहितेच्या काळात आपल्यासमोर असे भाषण झाले, तर आयोगाच्या सी-व्हिजिल अ‍ॅपवर तक्रार करता येते. चित्रण त्याच अ‍ॅपमधून, जागेवरच करावे लागते. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली फीत तिथे चालत नाही, आणि पुष्कळांची तक्रार इथेच अडते. अशी फीत असेल तर ती लेखी अर्जाला जोडून निवडणूक निर्णय अधिकाऱ्याकडे द्यावी. अर्जात तारीख, जागा आणि वक्त्याचे नेमके शब्द लिहावेत. नुसते ‘अपमान केला’ लिहून भागत नाही. आचारसंहिता नसेल, तर पोलीस ठाण्यात जावे.

आपल्या गावात तोंडाचे ऑपरेशन झालेले कोणी असेल, तर पुढच्या ग्रामसभेत त्यांना आग्रहाने बोलायला सांगा. माइक त्यांच्या तोंडाजवळ धरा, पाणी हाताशी ठेवा, आणि त्यांचे वाक्य त्यांनाच पूर्ण करू द्या.