लुफीची टोपी

बंगळुरूच्या व्हाइटफील्डमध्ये भरलेल्या कॉमिक कॉनच्या गर्दीत गवती टोपी घातलेली मुले हमखास दिसतात. ही टोपी लुफीची. एइचिरो ओदा यांच्या १९९७ पासून चालू असलेल्या 'वन पीस' या मांगाच्या, म्हणजे जपानी चित्रकथेच्या, नायकाची. कथेत समुद्री चाचा शँक्स ती छोट्या लुफीच्या डोक्यावर ठेवतो, थोर चाचा होऊन परत करण्याच्या बोलीवर. त्यामुळे टोपी विकत घेणारा वाचक ते वचनही डोक्यावर घेतो. 'नारुतो' या मांगाच्या नायकाच्या कपाळपट्टीचेही तसेच. पुस्तक मिटले की पात्र दूर जाते; वस्तू मात्र दप्तराला लटकते, टेबलावर उभी राहते, रोज हाताला लागते. जपानीत लाडक्या पात्राला 'ओशी' म्हणतात. त्याच्या बिल्ल्यांनी मढवलेली पिशवी म्हणजे 'इता-बॅग'. अनोळखी माणसांत असा एखादा बिल्लाही बोलणे सुरू करून देतो.