‘१९८४’ पाहताना कोण मेलं?

चेहरा पाहून प्रवाशाला विमानतळात सोडणारी ‘डिजियात्रा’ डिसेंबर २०२२ मध्ये सुरू झाली, तेव्हा पहिल्या तीन विमानतळांत बेंगळुरू होतं. आधारला आव्हान देणारी याचिका करून खासगीपणाचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींपुढे नेणारे निवृत्त न्यायमूर्ती के. एस. पुट्टस्वामी याच शहरातले. त्यामुळे इथल्या चर्चांमध्ये जॉर्ज ऑरवेलची ‘नाइन्टीन एटी-फोर’ ही पाळतीच्या राज्यावरची कादंबरी निघाली तर नवल नाही. वैताग येतो तो तिच्या पाठोपाठ येणाऱ्या दंतकथेचा. बीबीसीने १९५४ मध्ये ही कादंबरी टीव्हीवर दाखवली, ती बघता बघता एक बाई भीतीने मेली, अख्खा ब्रिटन हादरला आणि सरकारने कार्यक्रमावर बंदी घातली, असं ठामपणे सांगितलं जातं. सांगणारे दोन अगदी विरुद्ध टोकांचे असतात. पडद्यावरची दृश्यं माणसाचा जीव घेऊ शकतात, म्हणून त्यांना चाप हवा, हे एकाला पटवायचं असतं. सत्ता ऑरवेलला किती घाबरली, हे दुसऱ्याला. दोघांचा पुरावा एकच, आणि तो तपासायची तसदी दोघेही घेत नाहीत.

आधी घडलं काय ते पाहू. रविवार, १२ डिसेंबर १९५४ च्या रात्री बीबीसीने हे नाटक लंडनच्या लाइम ग्रोव्ह स्टुडिओतून थेट सादर केलं. संहिता नायजेल नील यांची, दिग्दर्शन रुडॉल्फ कार्टिए यांचं, आणि नायक विन्स्टन स्मिथच्या भूमिकेत पीटर कुशिंग. ब्रिटनमध्ये तेव्हा दुसरी वाहिनीच नव्हती. आयटीव्ही सुरू झाली सप्टेंबर १९५५ मध्ये. म्हणजे त्या रात्री ज्याने टीव्ही लावला, त्याच्यासमोर हेच होतं. पुढे एका वृत्तपत्राने ठळक मथळा दिला, की कार्यक्रम पाहत असताना एक गृहिणी मरण पावली. मथळा खोटा नव्हता. एक बाई टीव्हीसमोर कोसळली होती आणि गेली होती. पण त्या वेळी नाटक चालू होतं, एवढंच त्यातून कळतं. नाटकामुळे ती गेली, हे कुठेच सिद्ध होत नाही.

‘एवढा योगायोग कसा असेल?’ असा प्रश्न यावर ठरलेला. त्याचं उत्तर साध्या गणितात आहे. त्या काळी इंग्लंडमध्ये वर्षाला हजारी सुमारे ११ माणसं मरत. दहा लाखांच्या वस्तीत वर्षाला ११,००० मृत्यू, म्हणजे दिवसाला ३०, म्हणजे दर दोन तासांत दोन-तीन. नाटक जवळपास दोन तासांचं, आणि पाहणारे काही दशलक्ष. अंथरुणाला खिळलेले, इस्पितळातले लोक टीव्ही पाहत नव्हते म्हणून हा आकडा हवा तेवढा खाली आणा. तरीही त्या दोन तासांत प्रेक्षकांपैकी कोणीही दगावलं नसतं, तर तीच आश्चर्याची गोष्ट ठरली असती. त्याच रविवारी एखादा माणूस बागकामाचा कार्यक्रम पाहताना गेला असता, तर त्याची बातमी झाली नसती. भीतीने माणसाच्या हृदयावर ताण येतो हे खरं, आणि आधीच आजारी असलेल्याला तो झेपणार नाही हेही खरं. पण ‘होऊ शकतं’ आणि ‘झालं’ यांच्यामध्ये पुरावा लागतो, आणि इथे पुरावा म्हणून आहे तो फक्त वृत्तपत्राचा मथळा.

आता देश हादरल्याची गोष्ट. गदारोळ झाला, हे नाकारायचं कारण नाही. बीबीसीकडे रागावलेल्या फोनचा आणि पत्रांचा ओघ लागला, आणि सुरुवातीला विरोधाचाच सूर मोठा होता. हुजूर पक्षाच्या पाच खासदारांनी बीबीसी हिंसेला आणि कामुकतेला खतपाणी घालते, अशा आशयाचा निषेधाचा प्रस्ताव कॉमन्स सभागृहात दाखल केला. दंतकथा इथे थांबते. इतिहास पुढे जातो. सभागृहात तेव्हा ६२५ सदस्य होते, त्यांतले हे पाच. इतर खासदारांनी लगेच बीबीसीच्या बाजूने उलट प्रस्ताव आणले. राणी आणि आपण हे नाटक पाहिलं आणि ते आवडलं, असं राजपुत्र फिलिप यांनी जाहीरपणे सांगितलं. बीबीसीच्या नियामक मंडळात मतभेद झाले, पण अखेर दुसरा प्रयोग करायचं ठरलं, आणि गुरुवारी, १६ डिसेंबरला तो झालाही. सुमारे ७० लाख लोकांनी तो पाहिला. राणीच्या राज्याभिषेकानंतर एवढा प्रेक्षक ब्रिटिश टीव्हीला मिळाला नव्हता. बंदी घातलेला कार्यक्रम चार दिवसांत पुन्हा होत नाही. भीतीने मरायच्या बेतात असलेलं राष्ट्र तो पाहायला एवढ्या संख्येने बसतही नाही.

एक आक्षेप मात्र गंभीरपणे घ्यायला हवा. घराघरात, मुलाबाळांसमोर उंदरांचा पिंजरा माणसाच्या तोंडाशी आणण्याचं दृश्य दाखवावं का? प्रश्न रास्त आहे, आणि तो आपल्याकडेही न्यायालयात गेला. भीष्म साहनींच्या कादंबरीवरची गोविंद निहलानींची ‘तमस’ जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवर सुरू झाली, तेव्हा ती थांबवावी म्हणून मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली गेली. न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी मालिका स्वतः पाहिली आणि मागणी फेटाळली. पुढच्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही तोच कौल दिला. त्यासाठी आधार घेतला तो नागपूरच्या न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी घालून दिलेल्या कसोटीचा: परिणाम मोजायचा तो विचारी, खंबीर मनाच्या माणसावर, जागोजागी धोका दिसणाऱ्या दुबळ्या मनावर नव्हे. लंडनमधल्या १९५४ च्या वादाला ही कसोटी लावली, तर निकाल वेगळा लागेल असं मला वाटत नाही. नाझींच्या उदयानंतर जर्मनी सोडावी लागलेल्या कार्टिए यांनी हुकूमशाहीची भीती करमणुकीसाठी विकायला काढली, हा आरोप तर फारच हलक्या दर्जाचा होता.

बाकीचे गैरसमज थोडक्यात. गुरुवारी रविवारचीच टेप पुन्हा लावली, असं म्हणतात. प्रत्यक्ष वापरता येईल असं व्हिडिओ टेप यंत्र जगापुढे आलं १९५६ मध्ये, त्यामुळे नटसंच पुन्हा जमला आणि अख्खं नाटक पुन्हा उभं राहिलं. आज उपलब्ध आहे ती या दुसऱ्या प्रयोगाची फिल्मवर घेतलेली नोंद. सगळंच थेट होतं, हेही अर्धवट खरं: मधे मधे आधी चित्रित केलेले तुकडे जोडले होते, आणि ते चालू असताना नट धावत पुढच्या सेटवर जात, तर शेजारच्या स्टुडिओत वाद्यवृंद प्रत्यक्ष वाजत असे. सगळ्यांवर नजर ठेवणाऱ्या, कादंबरीतल्या ‘बिग ब्रदर’चा चेहरा कुणा नटाचा नसून बीबीसीच्या नेपथ्य विभागातल्या रॉय ऑक्सली यांचा आहे. टीव्हीवरचं हे पहिलं रूपांतर नव्हे. अमेरिकेत सीबीएसने ते सप्टेंबर १९५३ मध्येच केलं होतं. आणि या प्रयोगावर ऑरवेलची प्रतिक्रिया सांगणाऱ्यांनी एवढंच लक्षात घ्यावं, की तो २१ जानेवारी १९५० ला वारला.

ऑरवेल आणि बीबीसी एकमेकांचे शत्रू, हा शेवटचा समज मराठी वाचकाने तरी मनातून काढावा. मोतीहारीत जन्मलेल्या या लेखकाने १९४१ ते १९४३ बीबीसीच्या पूर्व विभागात भारतासाठीच्या प्रसारणाचं काम केलं. तिथे त्याच्या सहकाऱ्यांत कोल्हापूरकडच्या, शिरोळच्या वेणू चितळे होत्या. १९४२ च्या एका प्रसिद्ध छायाचित्रात त्या, ऑरवेल, टी. एस. एलियट आणि मुल्कराज आनंद एकाच खोलीत दिसतात. तिथल्या कामाचा त्याला कंटाळा आला आणि त्याने ते सोडलं, पण त्याच्या कादंबरीला घराघरात नेलं ते याच संस्थेने, विरोध अंगावर घेऊन. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०२२ मध्ये हे नाटक ब्ल्यू-रेवर आणलं आहे. मेलेल्या बाईची गोष्ट पुन्हा कुठे सांगण्याआधी ते एकदा पाहा.