हर्माइनीच्या गळ्यातलं घड्याळ

एकाच वेळी दोन तासांना बसायचं असेल तर? जे. के. रोलिंग यांच्या १९९९च्या तिसऱ्या हॅरी पॉटर कादंबरीत हर्माइनी ते जमवते. तिच्या गळ्यात साखळीला अडकवलेलं इवलंसं वाळूचं घड्याळ असतं, 'टाइम टर्नर'. एक फेरा दिला की एक तास मागे. प्राध्यापिका मॅकगोनागल जादू मंत्रालयाला पत्रांवर पत्रं लिहून ते मिळवतात, तेही कशासाठी, तर अभ्यासासाठी! हर्माइनीला शोभेल असंच.

या यंत्राची खरी गंमत मात्र त्याच्या तर्कात आहे. मृत्युदंड झालेला बकबीक हा जादुई प्राणी कुऱ्हाडीचा आवाज ऐकून मारला गेला, असं मुलांना वाटतं. तीन फेरे देऊन हॅरी आणि हर्माइनी मागे जातात तेव्हा कळतं, की त्याला त्यांनीच सोडवलं होतं. चिडलेल्या जल्लादाने कुऱ्हाड कुंपणावर हाणली होती. या कादंबरीत भूतकाळ बदलत नाही, त्यात त्यांचा हात आधीपासूनच होता.

पुढे रोलिंग यांनी मागे जाण्याला पाच तासांची मर्यादा सांगितली, आणि ती ओलांडली तर काय होतं तेही. एलॉइज मिंटंबल ही जादूगारीण १४०२ सालात जाऊन पाच दिवस अडकली. परतली ती पाच शतकांनी म्हातारी होऊन. तिच्या या उद्योगामुळे पंचवीस माणसं जन्मलीच नाहीत.

एवढं बलवान साधन हाताशी असेल तर प्रत्येक संकट पुसता येईल, ही लेखिकेचीच पंचाईत. म्हणून पाचव्या पुस्तकात, मंत्रालयातल्या झटापटीत, टाइम टर्नरचा सगळा साठा फुटतो. २०१६च्या 'कर्स्ड चाइल्ड' नाटकात ते परत आले, आणि तिथे भूतकाळ सर्रास बदलतो. आधीचा घट्ट तर्क त्यात सैल झाला, तो झालाच.